लिंबाखालची चौकशी

१

भीमराज खिल्लारे कोठडीत मेला त्याची फाईल माझ्या टेबलावर आली, तेव्हा निकाल आधीच लिहून आला होता. ‘आरोपीने गळफास घेऊन आत्महत्या केली.’ फक्त चौकशी व्हायची राहिली होती.

मी टोम्पे, हिंगोलीला डेप्युटी कलेक्टरच्या कचेरीत अव्वल कारकून. जिल्हा नवा होता. खुर्च्या परभणीहून आल्या होत्या आणि सवयीही तिथूनच आल्या होत्या. कोठडीत माणूस मेला की दंडाधिकाऱ्यानं चौकशी करावी असा कायदा आहे. ती कशी होते ते मला विचारा. रेस्ट हाऊसची एक खोली उघडायची, आतून कडी लावायची. पोलिसांनी आणलेली माणसं पोलिसांनी शिकवलेलं बोलतात, मी लिहितो, साहेब सही करतात, आणि मग जेवायला कोंबडी असते. अशा पुष्कळ चौकश्या मी लिहिल्या. एकीतही कुणाचा दोष निघाला नाही. निघणार कुठून? विचारणारे सरकार, सांगणारे सरकार आणि ऐकणारंही सरकारच.

साहेब होते नेमसिंग राठोड. तांड्यावर जन्मलेले, शिकून वर आलेले, आता निवृत्तीला टेकलेले. गुडघे गेलेले, साखर वाढलेली. ते फार बोलत नसत आणि बोलले तरी समोरच्याकडे न बघता, टेबलाकडे बघून बोलत. मला वाटलं, हा माणूस पाट्या टाकून मोकळा होईल. वाटलं म्हणजे काय, बरंच वाटलं. उन्हं तापायला लागली होती आणि आमच्या जीपचा पंखाही चालत नव्हता.

प्रकरण असं होतं. वसमत आणि औंढ्याच्या मधलं एक ठाणं. नाव लिहीत नाही. त्या गावच्या मोंढ्यात, म्हणजे धान्यबाजारात, हरिचंद शेठची हळदीची आडत. आडतीतून काही पोती गेली. भीमराज त्यांच्याकडे हळद शिजवायच्या कामाला होता, म्हणून सकाळी त्याला उचललं. दुपारी तो कोठडीच्या गजाला लटकलेला सापडला. महाशिवरात्रीच्या बंदोबस्ताला सगळं ठाणं औंढ्याला गेलेलं. मागं राहिलेले तिघंच होते: फौजदार कुलदीप पाथरकर, जमादार ग्यानोबा आणि पहाऱ्यावरचा शिपाई शेख खाजा. बाहेरचं कुणी आत आलं नाही असं तिघांनी लिहून दिलं होतं. डॉक्टरांनी मरणाच्या कारणाबद्दल मत राखून ठेवलं होतं. आमच्याकडे डॉक्टर मत राखून ठेवतात तेव्हा ते कुणासाठी राखून ठेवलंय हे कळायला फार अक्कल लागत नाही.

साहेबांनी पंचनामा वाचला. मयतानं कमरेचा करदोडा सोडून, त्याला पीळ देऊन, एक टोक गजाला बांधलं आणि बसल्या बसल्या गळफास घेतला, असं त्यात होतं. खाली फौजदारांचं टिपण होतं: अंगझडतीत पट्टा, रुमाल, चपला काढून घेतल्या, मात्र करदोडा जिवंत इसमाच्या अंगावरून काढण्याची रीत नसल्यानं तो राहू दिला.

खरंच आहे. आमच्याकडे पुरुषाच्या कमरेचा तो दोरा मेल्यावरच तोडतात. जुना झाला तरी आधी नवा बांधायचा आणि मग जुना सोडायचा. कोठडीतल्या माणसाचा करदोडा कुठल्याच शिपायानं कधी काढला नसेल.

“टोम्पे,” साहेब टेबलाकडे बघत म्हणाले, “दोरी असती तर दोरी आत कशी गेली म्हणून कुणीतरी सस्पेंड झालं असतं. करदोड्याला कुणीच जबाबदार नाही. फार हुशार माणसानं लिहिलंय हे.”

“म्हणजे खोटं आहे साहेब?”

“हुशार आहे म्हटलं. उद्या त्याच्या घरी जाऊ.”

अशा चौकशीत मयताच्या घरी कुणी जात नाही. माझ्या कोंबडीवर तिथंच पाणी पडलं.

२

भीमनगरातलं टिनपत्र्याचं घर. भिंतीवर बाबासाहेबांची आणि बुद्धाची तसबीर, खाली विझलेली मेणबत्ती. अंगणात भीमराजचं पोरगं नागडं खेळत होतं. नुकतं चालायला लागलेलं, गुटगुटीत, अंगभर माती आणि त्याशिवाय अंगावर सुताचा धागा नाही. आम्हाला बघून ते हसलं. भीमराजची बायको सुनिता दाराआड उभी होती. ती शेवटपर्यंत एक शब्द बोलली नाही. बोलली ती आई, पद्माबाई.

“आमाला कायबी दाखवलं न्हाई साहेब. दोरीनं मेला म्हणले. कागदावर अंगठा घेतला आन म्हणले लवकर आटपा, वास येईल. आमी हिथंच बसून राहिलो व्हतो, त्यांनीच लाकडं आणून देल्ली.”

“कागद वाचून दाखवला?”

“काहून दाखवतील? म्या म्हणलं वाचा, तर जमादार म्हणला, तुला काय कळतंय.”

साहेब बाजेवर बसले. पोरगं त्यांच्या गुडघ्याला धरून उभं राहिलं, तर ते त्याच्याकडेच बघत राहिले. चौकशीला आलोय की बारशाला, असं मला वाटून गेलं.

“लेकराला दृष्ट लागंल, पद्माबाई,” साहेब म्हणाले. “काही बांधलं नाही त्याला?”

“आमच्यात तसलं काई न्हाई साहेब. माह्या सासऱ्यानं दीक्षा घेतली तवाच घरातले गंडे, ताईत, दोरे सगळे चुलीत घातले.”

साहेबांनी मान हलवली आणि भलतंच मागितलं. “भीमराजची एखादी पँट असेल तर द्या. परत देतो.”

सुनितानं आतून घडी केलेली एक पँट आणून दिली. देताना ती तिच्या हातून सुटेना. मला तिथून निघून जावंसं वाटलं.

पद्माबाई जीपपर्यंत आली. “साहेब, नोकरी मागत न्हाई, पैका मागत न्हाई. माहा लेक चोर न्हवता आन त्यानं फास घेतला न्हाई. हे कुणीतरी सरकारी माणसानं चार लोकांपुढं बोलावं. न्हाईतर ह्या लेकराला जलमभर तेच ऐकावं लागंल. चोराचं पोरगं. फाशीवाल्याचं पोरगं.”

साहेब जीपमध्ये बसले. गावाबाहेर आल्यावर त्यांनी गाडी थांबवायला लावली आणि पाणी प्यायले.

“टोम्पे, पोराला बघितलंत?”

“बघितलं ना. गोड आहे.”

“अजून काय बघितलंत?”

मी सांगितलं, माती. साहेबांनी बाटलीचं बूच लावलं आणि म्हणाले, “चला ठाण्यावर.”

३

फौजदार पाथरकर ठाण्यामागच्या क्वार्टरमध्ये होते. आम्ही न कळवता गेलो, त्यामुळे ते नळावरून तसेच आले, कमरेला टॉवेल आणि वर उघडे. तालमीतलं अंग. टॉवेलच्या वर चांदीचा करदोडा चमकत होता, चांगला बोटभर रुंद. घाईनं त्यांनी शर्ट चढवला.

“सर, फोन केला असता तर व्यवस्था केली असती.”

“म्हणूनच नाही केला.”

फौजदारांनी सगळं सांगितलं, पंचनाम्यात होतं तसंच, शब्दाला शब्द. भीमराजला त्यांनी हातही लावला नव्हता. उलट चहा पाजला होता. “सर, ह्या लोकांना बदनामी सहन होत नाही,” ते म्हणाले. ‘ह्या लोकांना’ म्हणताना त्यांचा चेहरा फार समजूतदार झाला होता. मला त्या क्षणी त्यांचा राग आला, पण माझा राग आतच राहतो. नोकरीनं तेवढं शिकवलं.

शेख खाजाची तर पाचावर धारण बसली होती. “साब, मैं बाहर था. संडासला गेलो होतो. आलो तर लटकलेला.”

“आवाज नाही आला?”

“नहीं साब.” मग हळूच म्हणाला, “साब, चार वर्षं राहिली नोकरीची. दोन पोरींची लग्नं राहिली.”

“मी काही धमकी दिली का?”

“तुम्ही नाही दिली साब,” खाजा म्हणाला आणि जीभ चावली.

जमादार ग्यानोबा चांगल्या सुटलेल्या पोटाचा माणूस. खुर्चीत मावत नव्हता. त्याला घामाच्या धारा लागलेल्या. प्रत्येक उत्तराआधी तो फौजदारांच्या दाराकडे बघत होता. मध्येच त्यानं खाकी शर्टाखालून बनियनची कड ओढून तोंड पुसलं. कडेवर तांबूस डाग पसरलेला. पान खाऊन माणसं कुठंही थुंकतात, मनात म्हटलं, आता बनियनमध्येही.

“तब्येत बरी नाही वाटतं, जमादार?” साहेबांनी विचारलं.

“झोप न्हाई साहेब. शिवरातीपासून झोपच न्हाई. औंढ्याला जाऊन नागनाथाला नारळ फोडून आलो, तरी न्हाई.”

“देवळाबाहेर दुकानं छान लागतात, न्हाई?”

जमादारानं एवढं दचकून वर बघितलं की माझी लेखणी थांबली. पण साहेबांनी विषय सोडला.

शेवटी हरिचंद शेठ. आडतीवर गेलो तर हळदीच्या धुळीनं नाक भरलं. शेठनं गादीवर बसवलं, दार ओढून घेतलं, लस्सी मागवली. पोती किती गेली, कुठली गेली, सगळं धडाधडा सांगितलं. साहेबांनी विचारलं, “मग पोती सापडली का?”

“सापडतील कशी साहेब? चोर तर मेला.”

दार ओढलेलं होतं, तरी बाहेरच्या हमालांचं काम थांबलेलं ऐकू येत होतं. साहेबांनी ग्लास तसाच ठेवला. बाहेर आलो तेव्हा सगळे हमाल आमच्याकडे बघत होते, आणि आम्ही बघताच पोत्यांकडे बघायला लागले.

जीपमध्ये मी म्हटलं, “साहेब, सगळ्यांचे जबाब जुळतात. लिहून टाकायचं का?”

“बंद खोलीत जुळतातच हो,” साहेब डोळे मिटून म्हणाले. “दवंडी द्यायला सांगा. चौकशी ठाण्यासमोर, लिंबाखाली. ज्याला यायचं त्यानं यावं. खिल्लारेंच्या घरच्यांना निरोप द्या. आडतीवरच्या हमालांना तर नक्की. आणि सगळे कागद मोठ्यानं वाचायचे. तुम्ही वाचायचे.”

माझ्या तोंडचं पाणी पळालं.

४

त्या रात्रीत वरून एक सोडून तीन फोन आले. साहेबांनी दोनदा ‘हो सर’ म्हटलं, एकदा ‘लेखी द्या सर’ म्हटलं. लेखी कुणी दिलं नाही. सकाळी पाथरकर स्वतः येऊन गेले. “सर, पब्लिक भडकेल. लॉ अँड ऑर्डरचा प्रश्न होईल.”

“तुम्ही आहात की बंदोबस्ताला,” साहेब म्हणाले.

पाथरकर गेल्यावर मी विचारलं, “साहेब, हे कशासाठी? चार महिन्यांनी तुम्ही घरी जाणार.”

त्यांनी समोरची फाईल मिटली. मग म्हणाले, “मी लहान होतो तेव्हा पंचक्रोशीत कुठंही चोरी झाली की आधी आमच्या तांड्यावर यायचे. बापाला न्यायचे. तो परत आला की लंगडायचा. काय विचारलं, काय लिहिलं, ते ना त्याला कधी कळलं ना आईला. मी ह्या खात्यात आलो ते कागद वाचता यावा म्हणून. आणि टोम्पे, मी आजवर शंभर कागदांवर ‘गोपनीय’ लिहिलं असेल. कंटाळा आला.”

कंटाळा हाच शब्द त्यांनी वापरला. चीड नव्हे, तत्त्व नव्हे. मला तो शब्द पटला.

लिंबाखाली माणूस मावेना. भीमनगर सगळं आलेलं, मोंढा आलेला, दोन तांडे आलेले. पद्माबाई पुढं, जमिनीवर. ठाण्याच्या खुर्च्या बाहेर काढून तिघं पोलीस आणि शेठ एका रांगेत बसवलेले. मी उभा राहिलो आणि पंचनामा वाचायला लागलो. आयुष्यात इतक्या मोठ्यानं सरकारी मराठी मी कधी वाचली नव्हती. बंद खोलीत ती भारदस्त वाटते. लिंबाखाली ती लाजिरवाणी वाटत होती.

“‘मयताने स्वतःच्या कमरेचा करदोडा सोडून—’”

“काय?” पद्माबाई उठली. “काय म्हणला? परत वाच.”

मी परत वाचलं.

“करदोडा? माह्या भीमराजच्या कमरंला करदोडा?” ती आधी हसली. खरंच हसली. मग तिनं वळून भीमनगरकडे हात केला. “आरं ऐकलं का रे! आमच्या घरात तीन पिढ्यांत कुणी करदोडा बांधला न्हाई. बाळंत झालेल्या सुनंनं मागितला तरी म्या बांधू देल्ला न्हाई!”

भीमनगरातून एकच गलका झाला. म्हातारे, बायका, पोरं, सगळेच बोलत होते आणि सगळे तेच बोलत होते. ठाण्यापासून हाकेच्या अंतरावर राहणारी ही माणसं. हा कागद पहिल्याच दिवशी त्यांच्यापुढं वाचला असता तर तो एक मिनिट टिकला नसता. म्हणूनच तो वाचला नव्हता.

पाथरकर उभे राहिले. “सर, लपून बांधत असेल. कोण कोणाच्या कमरेला बघायला जातं?”

“बरोबर आहे,” साहेब म्हणाले. “टोम्पे, मुद्देमाल सोडा.”

मी पाकिटाची लाख फोडली. आतून दोरा निघाला. जाड, पीळदार, पुष्कळ दिवस वापरून काळवंडलेला. साहेबांनी तो दोन्ही हातांत धरून वर केला, सगळ्यांना दिसेल असा.

“हा नवा नाही. नवा असता तर कुणालाही शंका आली असती. इथं आणि इथं बघा, गाठीच्या जागी मोड पडलेली आहे. वर्षभर एकाच जागी गाठ असली की पडते. मोडीपासून मोडीपर्यंत मोजली की ज्याचा आहे त्याची कंबर.” त्यांनी मोडीवर गाठ मारली आणि माझ्याकडून भीमराजची पँट घेतली. कडं पँटच्या कमरेभोवती धरलं. ते चहूकडून लोंबत राहिलं. आत आणखी एक भीमराज मावला असता.

 शेठच्या कपाळावर घाम होता. जमादारानं दोन्ही हात पोटावर घट्ट धरले होते.

५

“हा दोरा कुणाच्या तरी कमरेवरून आला,” साहेब म्हणाले. ते अजूनही टेबलाकडेच बघून बोलत होते, फक्त आवाज मोठा होता. “बाहेरचं कुणी आत गेलं नाही, हे तुम्हीच तिघांनी लिहून दिलंय. मग कंबर तुमच्या तिघांतलीच. खाजा, तुमच्यात करदोडा बांधत नाहीत.”

“नहीं साब,” खाजा पुटपुटला.

“पाथरकर, तुमचा चांदीचा आहे. काल नळावरून येताना आम्ही बघितला. चांदीनं फास बसत नाही. राहिले जमादार.” ते थांबले. “ग्यानोबा, तुमचा करदोडा कधी बदलला?”

जमादारानं पोटावरचे हात आणखी खाली, कमरेवर नेले.

“लाल आहे ना? औंढ्याला देवळाबाहेर घेतला असेल. नव्या दोऱ्याचा रंग घामानं सुटतो. बनियनच्या कडेला लागलाय. इतकी वर्षं कमरेला होता तो जुना कुठं गेला?”

तेव्हा मला तो डाग कळला, जो मी पानाचा म्हणून सोडून दिला होता. साहेबांना पोराची उघडी कंबर बघूनच संशय आला होता. मी तेच पोरगं बघितलं, तोच डाग बघितला, आणि माझ्या डोक्यात काही शिरलं नव्हतं. कारण करदोडा असतोच. तो नसलेला माणूस असतो, हे माझ्या मनातही आलं नाही आणि पाथरकरांच्याही. ज्या रिवाजाच्या आधारानं त्यांनी सगळ्यांना वाचवलं, तो रिवाज सगळ्यांचा नव्हता, एवढीच त्यांची चूक.

जमादार खुर्चीतून उतरला आणि सरळ जमिनीवर बसला. पद्माबाईच्या समोर.

“बाई, म्या मारलं न्हाई,” तो म्हणाला. “म्या धरलं व्हतं. पोरगं पाणी मागून राहिलं व्हतं. पाथरकर साहेबांनी छातीत लाथ घातली, ते पडलं, उठलंच न्हाई. मंग साहेब म्हणले, ग्यानोबा, करदोडा काढ. म्या म्हणलं, साहेब, जित्या माणसाचा काढत न्हाईत. म्हणले, खाजाला न्हाई, माझा चांदीचा, तूच राहिला. नोकरी पायजे का न्हाई?” त्यानं कमरेला हात लावला. “म्या माह्या हातानं सोडला बाई. त्या दिशी मीच मेलो असं वाटून राहिलं मला. नवा बांधला तरी कंबर मोकळीच लागती.”

“खोटं बोलतोय!” पाथरकर ओरडले. “स्वतः मारलं आणि माझ्यावर—”

“बराबर बोलतो साब,” शेख खाजा उभा राहिला होता.  “मैं बाहर नहीं था. दारातच होतो. ग्यानोबा बराबर बोलतो.”

बंद खोलीत हाच माणूस मला संडासाची गोष्ट सांगत होता. समोर बसलेल्या बायका त्याला रोज बाजारात दिसत असणार. तसं खोटं त्याला तिथं झेपलं नाही.

साहेबांनी शेठकडे मान वळवली. “हरिचंद शेठ, पोती सापडली का?”

शेठनं तोंड उघडलं. मागं त्यांचेच हमाल उभे होते. कोंडीबा नावाचा म्हातारा हमाल हाताची घडी घालून शेठच्या डोळ्यांत बघत होता, बास, एवढंच. शेठनं तोंड मिटलं. परत उघडलं.

“सापडली साहेब. मेव्हण्यानं वसमतच्या गोडाऊनला हलवली होती, मला सांगितलं नव्हतं. कळल्या कळल्या मी ठाण्यावर फोन केला. त्याला सोडा म्हटलं. पाथरकर साहेब म्हणाले, आता राहू द्या, उशीर झाला.”

पद्माबाई खाली बसली. इतका वेळ ती उभी होती. सुनिता मागून आली आणि सासूच्या पाठीला पाठ लावून बसली. मग ती रडायला लागली, त्या दिवसानंतर पहिल्यांदाच, असं नंतर कुणी सांगितलं. मी लिहीत होतो. मला अक्षर दिसत नव्हतं तरी लिहीत होतो.

साहेब उठले. टेबलाकडे न बघता, माणसांकडे बघून म्हणाले, “भीमराज खिल्लारे चोर नव्हता. त्यानं फास घेतला नाही. त्याला ह्या ठाण्यात मारलं. हे मी दंडाधिकारी म्हणून बोलतोय.” मग ते बसले. गुडघा दुखत असावा.

६

इथं थांबलो असतो तर बरं वाटलं असतं. पण मी सरकारी माणूस, पुढचं सांगणं भाग आहे.

पाथरकर निलंबित झाले, मग अटक, मग जामीन. डॉक्टरांना दोनच दिवसांत मत सुचलं: छातीची बरगडी मोडलेली, फासाची खूण मेल्यानंतरची. खटला उभा राहिला आणि तारखा सुरू झाल्या. जमादार एका तारखेला बोलला, दुसऱ्या तारखेला विसरला. खाजा मात्र हलला नाही. लिंबाखालचे लोक समन्स नसतानाही कोर्टाच्या आवारात येऊन बसत. पाथरकरांचा वकील वैतागून म्हणाला, इतके साक्षीदार कुणी मागितले?

राठोड साहेबांना नोटीस आली. चौकशीच्या गोपनीयतेचा भंग केल्याबद्दल खुलासा करावा. त्यांनी मला मजकूर सांगितला, मी टंकला: ‘ज्यांचे माणूस गेले त्यांच्यापासून काय लपवावयाचे होते ते कृपया कळवावे, म्हणजे खुलासा करणे सोयीचे होईल.’ उत्तर आलं नाही. साहेब निवृत्त झाले. निरोपाला आम्ही सहा माणसं होतो आणि भेळ होती.

त्यांच्या अहवालावर वरच्यांनी ‘गोपनीय’ असा शिक्का मारला. सगळ्या गावानं ऐकलेला अहवाल गोपनीय! पद्माबाई नक्कल मागायला आली की मला तिला परत पाठवावं लागे. ती भांडत नसे. “पुढच्या बाजारी येते,” म्हणे, आणि येई. अशी साडेचार वर्षं गेली. माझा जीव तिच्या येण्यानं दमून गेला होता. तिचा दमत नव्हता.

मग माहितीच्या अधिकाराचा कायदा आला. पहिल्याच आठवड्यात तिचा अर्ज आला, सुनितानं लिहिलेला. वरच्यांनी महिनाभर काथ्याकूट केला आणि शेवटी सही केली. नक्कल द्यायचं काम माझ्याकडेच होतं. पद्माबाई टेबलासमोर आली. केस पार पांढरे झालेले. मी कागद पुढं केले, तिनं ते घेतले नाहीत.

“वाचून दाखवा.”

मी बसल्या बसल्या वाचायला लागलो. ती डोळे मिटून ऐकत होती. कचेरीत गर्दी होती, सातबाराला आलेली, दाखल्याला आलेली. मध्येच तिनं हात केला.

“ह्याच्यात चोर लिव्हलंय का कुठं?”

मी शोधलं. “एका जागी लिहिलंय. चोर नव्हता, असं.”

“तेवढंच परत वाचा,” ती म्हणाली. “जरा मोठ्यानं. ह्या लोकांना ऐकू जाऊन न्हाई राहिलं.”

कचेरीत मोठ्यानं बोलायची पद्धत नाही. मी खुर्ची मागं सारली आणि उभा राहून वाचलं.